वरुडातलं कॉम्प्युटर दुरुस्तीचं दुकान: जुनं डिझाइन सॉफ्टवेअर विंडोज ११ वर चालू करून घेतलं त्याचा अनुभव

वरुड, मोर्शी, शेंदुरजनाघाट या पट्ट्यात पत्रिका, फ्लेक्स, बिलबुकांचं काम करणाऱ्या सगळ्यांसाठी हे लिहिते आहे. ज्यांनी दहा-बारा वर्षांपूर्वी डिझाइनचं सॉफ्टवेअर रोख पैसे मोजून, बिलासकट घेतलं आणि आता नवीन मशीनवर ते अ‍ॅक्टिव्हेशनलाच, म्हणजे कंपनीच्या सर्व्हरकडून (तिच्या दूरच्या कॉम्प्युटरकडून) लायसन्स खरं असल्याची खात्री करून घेण्यालाच, अडून बसलंय, त्यांनी फॉरमॅट मारायच्या आधी एकदा वरुडातल्या या दुकानात जाऊन यावं. दुकानाला नाव नाही. बोर्डावर ‘कॉम्प्युटर व प्रिंटर दुरुस्ती’ एवढंच लिहिलेलं आहे आणि चालवणाऱ्याला सगळे भाऊ म्हणतात. माझ्याकडून पाचपैकी चार. एक गुण का कापला तेही खाली सांगते.

माझं काम आधी सांगते, म्हणजे अडचण कळेल. गावात माझं डीटीपीचं दुकान आहे. लग्नपत्रिका, तेरवीची कार्डं, कृषी केंद्राची बिलबुकं, गुरुदेव सेवा मंडळाच्या पुण्यतिथी कार्यक्रमाचे फ्लेक्स आणि हंगामात संत्र्याच्या पेट्यांची लेबलं. सोबत शेतकऱ्यांचे सातबारे काढून देणं आणि ऑनलाइन फॉर्म भरणं. डिझाइनचं सगळं काम एकाच सॉफ्टवेअरवर चालतं. कंपनीचं नाव घेत नाही, या धंद्यातल्या माणसाला ते सांगायची गरजही नाही. विकत घेतलं तेव्हा आमच्या घरात त्या रकमेवरून बरीच चर्चा झाली होती. मी घेतलं, कारण लेबलांवर दुसऱ्याचं नाव आणि पत्ता छापायचा असतो, बिल द्यायचं असतं, आणि धंदा चोरीच्या मालावर उभा करायचा नव्हता. त्या निर्णयाबद्दल मला आजही समाधान आहे.

जुनं मशीन विंडोज ७ चं होतं. त्याचा मदरबोर्ड गेला. विंडोज ७ चा सपोर्ट १४ जानेवारी २०२० लाच संपला होता आणि १४ ऑक्टोबर २०२५ ला विंडोज १० चाही संपला, त्यामुळे नवीन घ्यायचं तर विंडोज ११ चंच घ्यावं असं ठरलं. मशीन शहरातून आणलं. दुकान कोणतं ते सांगत नाही. त्यांनी सॉफ्टवेअर टाकून दिलं, अ‍ॅक्टिव्हेट होईना, तेव्हा ‘जुनं आहे, चालणार नाही, क्रॅक टाकून देतो’ म्हणाले. क्रॅक म्हणजे लायसन्सचं कुलूप तोडून सॉफ्टवेअर चोरून चालवणं. मी नको म्हटलं. मशीन घरी आलं. तुळशीचं लग्न होऊन गेलेलं, पत्रिकावाले दारात, संत्र्याच्या आंबिया बहाराची तोडणी सुरू, पेट्यांची लेबलं अडलेली. अशा वेळी एका पॅकहाउसवाल्या काकाजींनी मला या भाऊंकडे पाठवलं.

दुकान म्हणजे एक खोली. टेबलावर उघडे सीपीयू, भिंतीला लटकवलेल्या केबली, आणि एक मोठी हिशेबाची वही. या वहीत हिशेब नाही, एरर आहेत. कोणत्या गिऱ्हाइकाच्या मशीनवर कोणतं सॉफ्टवेअर, कोणती आवृत्ती, कोणती विंडोज, स्क्रीनवर नेमके कोणते शब्द आले, कोड कोणता, आणि शेवटी कशानं सुटलं, हे सगळं तारखेसकट. मी मशीन ठेवलं तेव्हा त्यांनी पहिली गोष्ट सांगितली ती अशी: “ताई, आधी एरर दाखवा. अजून कशालेच हात नाई लावायचा.” मग शहरातल्या दुकानानं काय काय केलं, ते विचारलं. मग वहीत एक नवीन ओळ.

मला या माणसाचं काम आवडलं ते इथून. अ‍ॅक्टिव्हेशन होत नाही ही एक बिमारी नाही. वरून एकच दिसतं, आत चार-पाच कारणं एकाखाली एक बसलेली असतात. वरचं काढलं की खालचं दिसतं. गिऱ्हाइकाला वाटतं, अजून एरर येतेच आहे, म्हणजे काही झालं नाही. भाऊ प्रत्येक वेळी विचारत, “एरर बदलली का? बदलली न, मंग आपण पुढे गेलो.” हे वाक्य मी आता माझ्या प्रिंटरलाही लावते.

सगळ्यात आधी त्यांनी स्क्रीनच्या कोपऱ्यातलं घड्याळ पाहिलं. माझं बरोबर होतं, पण ते का पाहतात ते त्यांनी सांगितलं, आणि ते आपल्याकडच्या माणसांना फार उपयोगी आहे. सर्व्हरशी बोलायच्या आधी मशीन त्याचं सर्टिफिकेट, म्हणजे ओळखपत्र, तपासतं. त्या सर्टिफिकेटला ‘या तारखेपासून या तारखेपर्यंत’ अशी मुदत असते. मशीनची तारीख काही वर्षं मागे गेली, तर मशीनला ते सर्टिफिकेट खोटं वाटतं आणि बोलणंच होत नाही. तारीख मागे जाते कारण मदरबोर्डवरचा सीआर २०३२ सेल संपतो, तोच तीन व्होल्टचा, नाण्याएवढा. बोर्डावर वीज चालू असली की त्या सेलवर भार येत नाही, वीज बंद असली की येतो. आपण इकडे वीज कडाडली की वायरच काढून ठेवतो, लोडशेडिंग वेगळं. त्यामुळे गावाकडच्या मशीनचा सेल लवकर जातो. पन्नास रुपयांच्या आतलं काम असतं आणि लोक त्यासाठी मशीन फॉरमॅट करून आणतात.

माझ्या मशीनवर लायसन्सची खिडकी उघडायची ती कोरी, पांढरी. तिच्यात ना सिरियल नंबरची जागा, ना बटण. भाऊंनी ‘टर्न विंडोज फीचर्स ऑन ऑर ऑफ’ उघडून दाखवलं: डॉट नेट फ्रेमवर्क ३.५ बंद. त्या काळचे कितीतरी प्रोग्राम याच्या आधारावर उभे आहेत, आणि नवीन विंडोजमध्ये ते आपोआप चालू नसतं, मागावं लागतं. मागितलं की विंडोज ते इंटरनेटवरून आणते. दुकानातलं नेट त्या दिवशी रडत होतं, म्हणून त्यांनी विंडोजच्या इन्स्टॉलेशनच्या पेनड्राइव्हमधून, ‘सोर्सेस’मधल्या ‘एसएक्सएस’ फोल्डरातून, एका कमांडनं ते टाकलं. नेट नसतानाही हे होतं, हे मला माहीत नव्हतं. सोबत व्हिज्युअल सी++ चे २००८ आणि २०१० चे जुने पॅकेजही टाकले, तेही जुन्या प्रोग्रामांचा आधारच. खिडकी भरली, सिरियल नंबर टाकता आला, आणि ‘पुढे’ दाबल्याबरोबर प्रोग्राम बंद.

हे दुसरं कारण सगळ्यांनी नीट वाचावं, कारण ते मराठी माणसाच्याच वाट्याला येणारं आहे. शहरातल्या दुकानदारानं मशीन लावून देताना विंडोजच्या युजरचं नाव देवनागरीत टाकलं होतं, माझ्या दुकानाचं नाव. मला ते फार आवडलं होतं. पण विंडोज त्या नावानं फोल्डर बनवते, आणि जुन्या प्रोग्रामचा लायसन्सचा भाग आपली फाइल त्या फोल्डरात ठेवायला जातो. तो भाग युनिकोडच्या (सगळ्या भाषांची अक्षरं साठवायच्या आजच्या पद्धतीच्या) आधीच्या पद्धतीनं लिहिलेला असला तर त्याला देवनागरी रस्ता वाचताच येत नाही. तो जिथे जायचं तिथे पोचत नाही आणि बंद पडतो. फक्त युजरचं नाव बदलून भागत नाही, आतलं फोल्डर जुन्याच नावाचं राहतं. भाऊंनी साध्या इंग्रजी अक्षरांत, मध्ये जागा न सोडता, नवीन युजर बनवला. पासवर्ड मला टाकायला लावला, स्वतः टाकला नाही. माझ्या फायली इकडून तिकडे नेल्या. सोबत एक ताकीदही दिली: विंडोजच्या भाषेच्या सेटिंगमध्ये ‘बीटा: यूटीएफ-८’ असा एक चौकोन असतो, कोणी मराठीसाठी चांगलं म्हणून टिक करायला सांगितलं तरी जुन्या सॉफ्टवेअरच्या मशीनवर करू नका. त्यानं जुन्या प्रोग्रामांतली अक्षरं बिघडतात.

प्रोग्राम बंद पडायचा थांबला. आता एरर आली, ‘सर्व्हरशी संपर्क होऊ शकत नाही, इंटरनेट तपासा.’ इंटरनेट तर चालू होतं, बाकी सगळं उघडत होतं. भाऊंनी खुर्ची माझ्याकडे वळवली आणि म्हणाले, “हे पाहा आता.” नोटपॅडवर उजवं बटण दाबून ‘रन अ‍ॅज अ‍ॅडमिनिस्ट्रेटर’ केलं. मग सी ड्राइव्ह, विंडोज, सिस्टीम३२, ड्रायव्हर्स, ईटीसी. नोटपॅड तिथे काहीच दाखवत नव्हतं, कारण ते फक्त टेक्स्ट फायली दाखवतं. खाली ‘ऑल फाइल्स’ केलं तेव्हा ‘होस्ट्स’ नावाची एक फाइल दिसली, तिला शेवटी काही जोडलेलं नाही. उघडली. वर मायक्रोसॉफ्टच्या नेहमीच्या ओळी, प्रत्येकीच्या आधी हॅशची खूण. मग बरीच मोकळी जागा. एखाद्यानं खाली स्क्रोलच केलं नाही तर दिसणारच नाही इतकी. आणि तळाशी एकाखाली एक ओळी, प्रत्येक १२७.०.०.१ नं सुरू होणारी, पुढे सॉफ्टवेअर कंपनीच्या सर्व्हरची नावं.

१२७.०.०.१ म्हणजे मशीनचा स्वतःचाच पत्ता. मशीन कोणत्याही सर्व्हरचा पत्ता बाहेर विचारायच्या आधी या फाइलमध्ये पाहतं. इथे लिहिलेलं असलं तर तेच खरं मानतं. म्हणजे माझा प्रोग्राम कंपनीला हाक मारत होता आणि ती हाक त्याच्याच दारात परत येत होती. क्रॅक टाकताना असंच करतात, म्हणजे कंपनीला पत्ता लागू नये. भाऊ म्हणाले, “हे कंपनीनं नाई केलं ताई. कोण्या तरी मानसानं रस्ता बंद करून ठेवला.” मी शहरातल्या दुकानाला क्रॅक नको म्हणून सांगितलं होतं, तरी तिथे ‘एकदा पाहून घेऊ’ म्हणून प्रयत्न झाला असावा. मला त्या ओळी पाहून खरंच राग आला. ज्यानं पैसे भरले त्याचंच लायसन्स या ओळींमुळे अडतं. जुनं मशीन सेकंडहँड घेणाऱ्यांच्या बाबतीत तर हे नेहमीचंच आहे, मालक बदलतो, फाइल तशीच राहते.

भाऊंनी त्या ओळी काढायच्या आधी फाइलची एक कॉपी करून ठेवली, मग ओळी काढल्या, मग पूर्ण अँटीव्हायरस स्कॅन लावला. त्यात एक बदललेली डीएलएल फाइल (प्रोग्राम चालायला लागणारा तुकडा) सापडली, ती प्रोग्रामच्या फोल्डरात बसली होती. म्हणून सॉफ्टवेअर पूर्ण काढून माझ्या मूळ सीडीवरून पुन्हा टाकलं. नवीन मशीनला सीडी ड्राइव्ह नाही. दुकानात यूएसबीचा बाहेरचा ड्राइव्ह आहे, आणि सीडीची कॉपी त्यांनी मला पेनड्राइव्हवर करून दिली.

तरी सर्व्हर पुरता बोलेना. इथलं कारण थोडं तांत्रिक आहे, पण समजून घेण्यासारखं आहे. मशीन आणि सर्व्हर गुप्तपणे बोलतात त्या पद्धतीला टीएलएस म्हणतात. तिची पहिली आवृत्ती १९९९ ची, १.१ ही २००६ ची, १.२ ही २००८ ची. पहिल्या दोन कच्च्या ठरल्या आणि मार्च २०२१ मध्ये त्या अधिकृतपणे मोडीत काढल्या गेल्या. आता सर्व्हर किमान १.२ मागतात. जुना प्रोग्राम आपल्या पोटातल्या जुन्या पद्धतीनंच बोलायला जातो, आणि समोरून दार उघडत नाही. यात विंडोज ११ चा दोष नाही, माझ्या नेटचा नाही, आणि फॉरमॅट मारून हे कधीच सुटणार नाही. भाऊंनी कंपनीच्या स्वतःच्या साइटवरून त्या आवृत्तीचं शेवटचं अपडेट शोधलं. डाउनलोड झाल्यावर फाइलच्या प्रॉपर्टीजमध्ये ‘डिजिटल सिग्नेचर्स’ हा टॅब उघडून कंपनीचंच नाव आहे की नाही ते मला दाखवलं, आणि मगच चालवलं. डाउनलोडच्या दहा साइटी असतात आणि नऊ जागी फाइलसोबत दुसरंच काही येतं, म्हणून हा टॅब पाहायची सवय मी आता लावून घेतली आहे.

अपडेट बसलं आणि एरर पुन्हा बदलली. या वेळी सर्व्हरनं उत्तर दिलं होतं: ठरलेल्या मशीनची संख्या भरली आहे. मेलेलं जुनं मशीन कंपनीच्या वहीत अजून जिवंत होतं. मशीन चालू असतं तर हेल्प मेनूतून डिअ‍ॅक्टिव्हेट करून ती जागा मोकळी करता आली असती. म्हणून सांगते, जुनं मशीन चालू आहे तोवर, फॉरमॅट करायच्या किंवा विकायच्या आधी, डिअ‍ॅक्टिव्हेट करून घ्या. मदरबोर्ड गेल्यावर ते हातात राहत नाही. हार्डडिस्क काढून दुसरीकडे लावली तरी डिअ‍ॅक्टिव्हेट होईलच असं नाही, कारण लायसन्स बहुधा पूर्ण मशीनच्या अंगाला बांधलेलं असतं.

इथे बिल कामाला आलं. भाऊंनी मला कंपनीच्या सपोर्टला कसं लिहायचं ते सांगितलं: सिरियल नंबर, बिलाचा फोटो, सीडीच्या कव्हरचा फोटो, जुन्या मशीनचा मदरबोर्ड जळाला एवढं एक वाक्य, आणि स्क्रीनवरच्या एररचा फोटो. रडगाणं नाही. “त्यायले गोष्ट नको, कागद पायजे,” असं ते म्हणाले. वाट पाहावी लागली, पण सपोर्टनं जुनी नोंद काढून टाकली. मग प्रोग्रामनं एक लांबलचक कोड दिला, तो कंपनीच्या पानावर भरला, तिकडून दुसरा कोड आला, तो टाकला, आणि माझं सॉफ्टवेअर उघडलं. त्याच संध्याकाळी पेट्यांचं लेबल काढून पाठवलं.

आता भाऊंनी काय केलं नाही, तेही सांगायला हवं, कारण मला त्याचीही तितकीच किंमत वाटते.

माझ्या जुन्या फायलींतलं मराठी मॅटर युनिकोडमध्ये नाही. ते जुन्या पद्धतीच्या फॉन्टमध्ये आहे, ज्यात खाली इंग्रजी अक्षरं असतात आणि फॉन्ट त्यांना मराठीचं रूप देतो. फॉन्ट नसला की सगळा इंग्रजी अक्षरांचा काला दिसतो. तो फॉन्टचा संच यूएसबीत लावायच्या छोट्या लॉकवर चालतो, लॉक लावला तरच फॉन्ट चालतात. लॉकचा ड्रायव्हर जुना. विंडोज ११ मध्ये ‘कोअर आयसोलेशन’च्या खाली ‘मेमरी इंटेग्रिटी’ म्हणून संरक्षण असतं, नवीन मशीनवर बहुधा चालूच, आणि ते असे जुने ड्रायव्हर बसू देत नाही. ते बंद केलं तर लॉक चालला असता. शेजारी बसलेल्या एका गिऱ्हाइकानं तेच सुचवलं. भाऊंनी सरळ नाही म्हटलं. याच मशीनवर तुम्ही लोकांचे आधार नंबर, बँकेचे फॉर्म भरता, एका फॉन्टसाठी हे दार उघडं ठेवायचं नाही, असं त्यांचं म्हणणं. मला ते शंभर टक्के पटलं. लॉक बनवणाऱ्याचा नवीन ड्रायव्हर शोधला, माझ्या लॉकसाठी तो चालला नाही. म्हणून जुनी हार्डडिस्क दुसऱ्या एका जुन्या सीपीयूत लावायची, त्याला इंटरनेटची वायर कधीच जोडायची नाही, तिथे जुन्या फायली उघडून मॅटर कर्व्ह करून (अक्षरांचे आकार बनवून, म्हणजे फॉन्ट लागत नाही) नवीन मशीनवर आणायचं, असा मार्ग काढला. वेळ खातो, पण चालतो. नवीन कामं मी आता युनिकोडमध्येच करते. ‘मुक्त’ आणि ‘बालू’ नावाचे फॉन्ट फुकट आहेत, पत्रिकेलाही शोभतात.

मी बसले होते तेव्हा एक लग्नाचे फोटो काढणारा मुलगा जुनं फोटोशॉप घेऊन आला होता. त्याला भाऊंनी तिथल्या तिथे सांगितलं की हे आता अ‍ॅक्टिव्हेट होणार नाही, कारण ज्यांच्याशी बोलायचं ते सर्व्हरच राहिले नाहीत. अ‍ॅडोबीनं फोटोशॉपच्या सीएस२ या जुन्या आवृत्तीचे अ‍ॅक्टिव्हेशन सर्व्हर २०१३ च्या सुमारास बंद केले आणि ज्यांनी ते विकत घेतलं होतं त्यांच्यासाठी अ‍ॅक्टिव्हेशन न लागणारी आवृत्ती दिली होती. २०१२ चं सीएस६ हे डब्यात मिळणारं शेवटचं, २०१३ पासून नवीन आवृत्त्या भाड्यानंच. सीएस३, सीएस४ वर ‘१५०:३०’ ही एरर आली तर ती बहुधा लायसन्सच्या साठ्याची असते, हार्डडिस्कची हुबेहूब कॉपी दुसऱ्या डिस्कवर केली की ती येऊ शकते, हेही मला वहीतूनच कळलं. जे होणार नाही त्याचे पैसे घेऊन मशीन आठवडाभर अडकवून ठेवणारे मी पाहिले आहेत. हा माणूस तसा नाही.

क्रॅकबद्दलही त्यांचं धोरण पक्कं आहे. “टाकून देनं पाच मिनिटाचं काम हाय. पन तुमच्याकडे बिल हाय न, मंग चोराच्या दरवाज्यानं काहून जायचं?” ज्यांच्याकडे बिल नाही त्यांना ते इंकस्केप हे डिझाइनचं सॉफ्टवेअर टाकून देतात, फुकट आणि कायदेशीर. मलाही टाकून दिलं. माझं मत विचाराल तर फ्लेक्स आणि साध्या लेबलांना ते भरपूर आहे, युनिकोड मराठी त्यात जोडाक्षरांसकट नीट बसतं. ऑफसेटला चार रंगांच्या प्लेटा काढायच्या कामात ते कमी पडतं आणि हात बसायला वेळ लागतो. पण नव्यानं धंदा सुरू करणाऱ्या पोरापोरींनी तिथूनच सुरुवात करावी असं मला वाटतं. गावात चार पैसे मिळवायला कोणालाही चोरीचं सॉफ्टवेअर लागू नये.

एक गुण कापला त्याची कारणं. भाऊ फोन उचलत नाहीत, आणि काम कुठवर आलं हे स्वतःहून कळवत नाहीत. हंगामात ज्याचं मशीन अडकलं आहे त्याच्या जिवाला काय होतं, हे त्यांनी समजून घ्यायला हवं. पावती मागितल्याशिवाय देत नाहीत, मागितली तर देतात. एकटेच आहेत, हाताखाली कोणी शिकाऊ नाही, ते बाहेरगावी गेले की दुकान बंद. एवढी ती वही, पण ती एकाच माणसाच्या अक्षरात आहे, दुसऱ्याला लागत नाही. त्यांनी कोणाला तरी हाताशी धरून शिकवावं, असं मी त्यांना तोंडावर सांगितलं आहे.

पैसे आठशे रुपये घेतले, त्यात डेटाची कॉपी, सॉफ्टवेअर पुन्हा टाकणं, सगळं आलं. लॉकचं काम झालं नाही, त्याचे घेतले नाहीत. निघताना पेनड्राइव्हवर सीडीची कॉपी, शेवटचं अपडेट, बिलाचा स्कॅन आणि अ‍ॅक्टिव्हेट झालेल्या खिडकीचा फोटो असं एका फोल्डरात घालून दिलं.

जाणार असाल तर सिरियल नंबरची सीडी किंवा डबा, बिल, सॉफ्टवेअर नोंदवताना दिलेला ईमेल आणि त्याचा पासवर्ड सोबत न्या. जुनं मशीन अजून चालू असेल तर तेही न्या. एररचा फोटो पूर्ण स्क्रीनचा काढा, कोडसकट. आणि मधल्या काळात कोणी काही टाकलं, काढलं असेल तर ते लपवू नका, वहीत लिहिताना भाऊ ते विचारतातच. दुकान सकाळी अकराच्या आत उघडत नाही.